कानाला जीभ फुटली तेव्हा : एका कुमारकथेच्या संपादनाचं प्रकरण

पार्श्वभूमी

मुलांसाठीच्या एका दिवाळी अंकाचं संपादन मी गेली काही वर्षं करते आहे. एका वर्षी मे महिन्याच्या सुरुवातीला आमच्याकडे एक दीर्घकथा आली. लेखिका रायगड जिल्ह्यात खाडीकाठच्या एका शाळेत शिकवते. तोवर तिच्या दोन-तीन छोट्या गोष्टी छापून आल्या होत्या, पण एवढं मोठं काही तिनं पहिल्यांदाच लिहिलं होतं. कोणाची ओळख पटू नये म्हणून नावं आणि काही किरकोळ तपशील मी वगळले आहेत. हा मजकूर तिनं वाचला आहे आणि तो लिहायला तिची हरकत नाही.

कथेतलं जग पूर्ण कल्पित. नकाशावर नसलेली एक खाडी, तिच्या काठी मिठागरांचं एक गाव. तिथं वर्षातून चार-सहा वेळा वारा उलटा फिरतो आणि तो पडेपर्यंत गावातल्या सगळ्यांची इंद्रियं एकमेकांत मिसळतात. आवाज दिसतात, रंग ऐकू येतात, वास बोचतो. या प्रकाराला लेखिकेनं नाव दिलं होतं ‘इंद्रियसंकर’. नायिका बारा वर्षांची आणि तिच्या घराण्याकडे काम आहे मिठाची चव पारखण्याचं.

पहिल्याच पानावर एक वाक्य होतं: ‘वारा फिरला आणि आजीची हाक मला चिंचेसारखी लागली.’ त्या वाक्यापाशी मी थांबले आणि कथा घ्यायची हे तिथंच ठरवून टाकलं. पुढची बेचाळीस पानं वाचल्यावर मात्र कळलं, की हे वाक्य कथेला सापडलं होतं, पण कथेला त्याची किंमत कळली नव्हती.

अडचण कुठे होती

मी पेन्सिल घेऊन बसले आणि जिथं एक संवेदना दुसरीत शिरते तिथं खूण करत गेले. खुणा झाल्या एकसष्ट. इंद्रियं पाच, कुठलं इंद्रिय कुठल्यात शिरतं ही दिशा धरली तर जोड्या होतात वीस. त्या विसांतल्या सतरा जोड्या कथेत वापरल्या होत्या. ‘निळ्या शांततेवर एक जांभळा सूर तरंगत आला आणि त्याच्या मखमली गंधानं तिचे डोळे गोड झाले.’ असलं एखादं वाक्य कानाला बरं लागतं. लागोपाठ सहा आली की वाचणारा अर्थ लावणं सोडून देतो, कारण सातवं वाक्य वेगळं असतं तरी काही बिघडलं नसतं.

आमची एक पद्धत आहे. मोठी कथा असली की अकरा ते चौदा वयाच्या चार-पाच मुलांना आधी वाचायला देतो. या कथेवर एक मुलगी म्हणाली, “वर्णन छान आहे, पण मला मध्ये मध्ये कंटाळा आला.” दुसरीला नायिका आवडली होती, पण ती कथेत नेमकं काय करते हे तिला सांगता येईना. आणि सातवीतल्या एका मुलानं शांतपणे विचारलं, “वारा फिरतो तेव्हा त्यांचं मीठ कोण बनवतं?”

तो प्रश्न मी वहीत लिहून ठेवला. सगळ्या गावाची इंद्रियं उलटीपालटी होतात आणि कोणाचं काही अडत नाही. कोणाचा हात भाजत नाही, पाणी वाया जात नाही, बाळ रडलं तर आईला ते कळण्यात घोटाळा होत नाही. गाव नुसतं बघत बसतं.

आणखी एक अडचण होती, ती मला उशिरा दिसली. तिच्याबद्दल पुढे सांगते, कारण माझ्या मते या प्रकरणातली सगळ्यात शिकण्यासारखी गोष्ट तीच आहे.

शेवटाबद्दल मात्र मी पहिल्या दिवसापासून नाराज होते. शेवटी एक वैदू येतो, पाला उकळून देतो आणि गाव कायमचं ‘बरं’ होतं.

समोरचे पर्याय

पहिला पर्याय सरळ होता: भाषा थोडी आवरायची आणि कथा आहे तशी छापायची. दिवाळी अंकात स्वप्नाळू गद्याला जागा असते. पण चिंचेचं ते वाक्य मला तसं करू देईना.

दुसरा पर्याय आमच्या सहसंपादकांनी सुचवला. कारण द्या, म्हणाले. खाडीतून एखादा वायू येतो, त्यानं मेंदूवर परिणाम होतो, असं काहीतरी. विज्ञानकथा होईल. लेखिकेला हे मुळीच पटलं नाही आणि मलाही नाही. वायूचं नाव सांगितलं म्हणून सातवीतल्या मुलाच्या प्रश्नाचं उत्तर मिळत नव्हतं. वारा का फिरतो हे कळलं नाही तरी चालतं. तो फिरला की काय बदलतं आणि काय बदलत नाही, हे कळायलाच हवं.

तिसरा पर्याय असा, की हा प्रकार गावाचा न ठेवता एकट्या नायिकेचा करायचा. यावर आम्ही सर्वांत जास्त वेळ घालवला, कारण खऱ्या जगात असंच असतं. एका इंद्रियाला चाळवलं की दुसऱ्यातही संवेदना उठते, अशी माणसं आहेत. त्याला सिनेस्थेशिया म्हणतात; मराठीत सहसंवेदन म्हणता येईल. गेऑर्ग झाक्स नावाच्या डॉक्टरनं १८१२ मध्ये आपल्या प्रबंधात स्वतःला अक्षरं आणि सूर रंगीत भासतात असं नोंदवलं होतं. फ्रान्सिस गाल्टननं १८८० च्या सुमारास अशा लोकांच्या नोंदी गोळा केल्या. २००६ मध्ये ज्यूलिया सिम्नर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी ब्रिटनमध्ये पद्धतशीर चाचण्या घेतल्या, तेव्हा प्रमाण सुमारे ४ टक्के आढळलं. म्हणजे पन्नास मुलांच्या वर्गात अशी एक-दोन मुलं असू शकतात, आणि बहुतेकदा बाईंना ते ठाऊकही नसतं.

चौथा पर्याय कापाकापीचा होता: वीस जोड्यांतली एकच ठेवायची, एकाच दिशेनं, आणि तिच्यामुळे गावाचं काहीतरी अडलं पाहिजे.

पहिला वळणबिंदू : जिला हे खरंच होतं तिला विचारणं

माझ्या ओळखीत एक कॉलेजला जाणारी मुलगी आहे, तिला अक्षरं रंगीत दिसतात. तिसऱ्या पर्यायावर वाद चालला होता तेव्हा मी तिला कथा दिली. आधी तिला मुळाक्षरांचे रंग विचारून लिहून घेतले आणि तीन आठवड्यांनी न सांगता पुन्हा विचारले. एकाही अक्षराचा रंग बदलला नव्हता. तिचा ‘ळ’ ओल्या विटेच्या रंगाचा आहे, आणि तो तिच्या आठवणीत कधीच दुसऱ्या रंगाचा नव्हता. संशोधक सहसंवेदनाची चाचणी घेतात तीही याच धर्तीवर: खूप दिवसांनी पुन्हा विचारायचं आणि उत्तरं किती जुळतात ते पाहायचं.

कथा वाचून तिनं दोन गोष्टी सांगितल्या. पहिली: “यांच्या गावात रोज वेगळंच काहीतरी होतं. माझं तसं नाही. माझं इतकं पक्कं आहे की मी त्यावर फोन नंबर लक्षात ठेवते.” आणि दुसरी, थोडी रागावून: “तिला बरी का करताय? तिला काय झालंय?”

वैदू त्याच दिवशी गेला. लेखिकेला फोनवर सांगितलं तेव्हा ती क्षणभर गप्प राहिली आणि म्हणाली, “ताई, मला वाटलं होतं, शेवट गोड हवा.”

त्या मुलीमुळे आणखी एक गोष्ट हाती लागली. मी वाचन वाढवलं. जेमी वॉर्ड आणि ज्यूलिया सिम्नर यांनी २००३ मध्ये शब्दांची चव लागणाऱ्या एका माणसाचा अभ्यास प्रसिद्ध केला होता. त्याला लागणाऱ्या चवी बऱ्याचशा लहानपणी खाल्लेल्या पदार्थांच्या होत्या, आणि पदार्थाच्या नावातला ध्वनी ज्या शब्दात असेल त्या शब्दाला अनेकदा त्या पदार्थाची चव येत होती. मी हे लेखिकेला पाठवलं. दुसऱ्या दिवशी तिचं उत्तर आलं: “म्हणजे प्रत्येकाला वेगळी चव. परगावाहून आलेल्या सुनेला तर अगदीच वेगळी.” या एका ओळीतून पुढे कथेत एक अख्खं पात्र आलं.

प्रकार गावाचाच राहिला. पण त्याचं वागणं आता खऱ्या माणसांकडून शिकलेलं होतं: दिशा एकच, माणसागणिक वेगळं, आणि एका माणसापुरतं कायम.

दुसरा वळणबिंदू : एकच जोडी, आणि एक जुना शब्द

आवाजाची चव लागते, एवढंच ठेवायचं असं मी सुचवलं. लेखिका बिथरली. सोळा जोड्या टाकायच्या म्हणजे तिच्या दृष्टीनं जादूच काढून घ्यायची. ती म्हणाली, “एवढंसं ठेवलं तर उरलं काय?”

तेव्हा मी तिला ज्ञानेश्वरीचा सहावा अध्याय उघडायला सांगितला. ‘माझा मराठाचि बोलु कौतुकें’ ही ओवी आपल्याकडे भाषा दिनाच्या प्रत्येक फलकावर असते. तिच्या पुढच्या ओव्यांपर्यंत फारसं कोणी जात नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं. कारण पुढे माउली जे सांगतात ते नेमकं हेच आहे:

ऐका रसाळपणाचिया लोभा । कीं श्रवणींचि होति जिभा ।
बोलें इंद्रियां लागे कळंभा । एकमेकां ॥

शब्द एवढा रसाळ, की त्याच्या लोभानं कानांनाच जिभा फुटतात आणि इंद्रियांमध्ये भांडण लागतं. त्यापुढे जीभ म्हणते, हा रस आमचा. नाकाला वाटतं, हा परिमळ आपला. डोळे म्हणतात, ही तर रूपाची खाण उघडली. शके १२१२ मध्ये, म्हणजे इसवी सन १२९० मध्ये लिहिलेलं हे वर्णन मी लेखिकेला फोनवर वाचून दाखवलं आणि एकच गोष्ट दाखवून दिली. इथं सगळी इंद्रियं भांडतात, पण कशावरून? एका शब्दावरून. मूळ वस्तू एकच आहे, हक्क सांगणारे अनेक. तिच्या कथेत वस्तूही अनेक आणि हक्कदारही अनेक होते, म्हणून कुठलंच भांडण ऐकू येत नव्हतं.

ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, “कळंभा म्हणजे भांडण?”

“हो. कलह.”

“मग वाऱ्याचं नाव तेच.”

‘इंद्रियसंकर’ हा शब्द पाठ्यपुस्तकातल्यासारखा होता. मिठागरात राबणारी बाई तो तोंडात घेणार नाही. ‘कळंभा आला, पोरांना आत घ्या’ हे मात्र ती म्हणेल. कोल्हापूरकडच्या एका बालवाचकाला आधी तिथल्या कळंब्याचा तलाव आणि तुरुंग आठवला, पण दुसऱ्या पानापर्यंत तो विसरला.

इथं आणखी एक मोह टाळावा लागला. लेखिका गाणं शिकलेली आहे. संगीतरत्नाकरात सात स्वरांना रंग दिलेले आहेत हे तिला ठाऊक होतं: षड्ज कमळाच्या रंगाचा, गांधार सोन्याचा, मध्यम कुंदाच्या फुलासारखा पांढरा, पंचम काळा. ग्रंथकर्ता शार्ङ्गदेव तेराव्या शतकात देवगिरीच्या यादवांच्या दरबारी होता, म्हणजे आपल्याच मातीतला. नाट्यशास्त्रातही रसांना रंग आहेत, शृंगार श्याम, रौद्र लाल, करुण पारव्याच्या रंगाचा. हे सगळं तयार कोष्टक कथेत आणावं असं तिला वाटत होतं. मी नको म्हटलं. ती परंपरेनं सर्वांसाठी ठरवलेली नाती आहेत. ती शिकता येतात, पाठ करता येतात. कळंभा शिकता येत नाही. एकाच हाकेची चव आईला वेगळी आणि लेकीला वेगळी लागते, आणि दोघी खऱ्या असतात. कोष्टक आलं असतं तर हा एकटेपणा गेला असता.

तिसरा वळणबिंदू : बोलीतली चव

आता ती उशिरा दिसलेली अडचण. नवा खर्डा जुलैच्या सुरुवातीला आला. वाचताना माझी एका साध्या वाक्यावर ठेच लागली: ‘तिच्या मावशीचा गळा फार गोड होता.’ हा कळंभा आहे की नुसती मराठी?

आपल्या बोलण्यात इंद्रियं आधीच मिसळलेली आहेत. गळा गोड असतो, जीभ तिखट असते, बोल कडू असतात. आवाज खरखरीत असतो, भाषण रसाळ असतं, उत्तर झणझणीत असतं. आणि झणझणीत हा शब्द तर मुळात नादाचा, तो आपण रश्श्याला लावतो. पेटीवर गाणारा माणूस ‘काळी दोन’ किंवा ‘पांढरी चार’ असं सांगतो, तेव्हा तो पट्टीच्या रंगानं सुराची उंची सांगत असतो. हे कोणाला विचित्र वाटत नाही. पण ज्या जगात आवाजाची चव खरोखर लागते, तिथं ‘गोड बोलला’ हे वर्णन राहत नाही, ती साक्ष होते.

दोन मार्ग होते. एक, वाचक समजून घेईल म्हणून सोडून द्यायचं. दुसरा, कथेच्या भाषेतून असे सगळे शब्द उपसून काढायचे आणि फक्त कळंभ्याच्या दिवसांसाठी राखून ठेवायचे. आम्ही दुसरा धरला. अडतीस वाक्यं बदलली. लेखिका शाळेतून आल्यावर रोज संध्याकाळी पाच-सहा वाक्यं घ्यायची आणि रात्री मला वाचून दाखवायची. मावशीचा गळा ‘मोकळा’ झाला. सावकाराचं कडू बोलणं ‘दात मिटून बोलणं’ झालं. काही ठिकाणी वाक्य पहिल्यापेक्षा चांगलं झालं, कारण तयार विशेषण गेल्यावर तिला त्या माणसाकडे पुन्हा बघावं लागलं.

या कामात एक शब्द गवसला, तो म्हणजे ‘लागणं’. चव लागते. ऊन लागतं, भूक लागते, ठेच लागते. आणि कोणाचं बोलणंही लागतं. ‘त्याचं बोलणं मला लागलं’ यात दुखावणं आणि चाखणं एकाच क्रियापदात बसलेलं आहे. चिंचेचं ते पहिलं वाक्य याच शब्दावर उभं होतं आणि तिच्या ते लक्षात आलं नव्हतं, माझ्याही नाही. मग तिनं ठरवलं, की कळंभ्याच्या दिवशी गावकरी दुसरं क्रियापद वापरणारच नाहीत. ‘सासूचं बोलणं लागलं’ असं सून म्हणते तेव्हा सासू विचारते, “कसं?” आणि सून सांगते, “माझ्या माहेरच्या नाचणीसारखं.” सासूनं आयुष्यात नाचणी खाल्लेली नाही. कथेतला माझा सर्वांत आवडता प्रसंग हाच.

चौथा वळणबिंदू : मीठ कोण बनवतं?

सातवीतल्या मुलाचा प्रश्न अजून बाकी होता. इथं लेखिकेचं गाव उपयोगी पडलं. मिठागरं ती लहानपणापासून पाहत आली आहे. भरतीचं पाणी आत घ्यायचं, एका वाफ्यातून दुसऱ्यात फिरवत उन्हानं आटवायचं. समुद्राच्या एक लिटर पाण्यात साधारण ३५ ग्रॅम क्षार असतात. पाणी मूळच्या सुमारे दहाव्या हिश्शावर आलं की मीठ धरू लागतं. पण शेवटपर्यंत आटवून चालत नाही. मीठ धरल्यावर उरलेल्या पाण्यात मॅग्नेशियमचे क्षार राहतात, ते पाणी वेळेत सोडून दिलं नाही तर मीठ कडू होतं. खऱ्या मिठागरात पाण्याची घनता मोजता येते. कथेतल्या गावात मोजायला आहे फक्त नायिकेच्या घरची जीभ.

आणि कळंभ्यात नेमकी ती जीभच कामातून जाते. कावळा ओरडला तरी तोंडात चव उठते, मग पाण्यातला कडवटपणा कोणाचा आणि कावळ्याचा कोणता?

नियम पक्का झाल्यावर प्रसंग आपोआप सुचत गेले, हे मी स्वतः पाहिलं. आवाजाची चव लागते, तर मग आवाजच थांबवायचा. पाणी सोडायच्या दिवशी वारा फिरतो. गाव बैलांच्या गळ्यातल्या घंटा उतरवतं, कुत्री होडीत घालून पलीकडे नेऊन सोडतं, बाया बाळांना पाजत बसतात. नायिका कानात कापसाचे ओले बोळे घालून वाफ्यात उतरते आणि बोट चाखते. तरी एक चव उरतेच: तांब्याच्या गडूतल्या शिळ्या पाण्याची. ती तिच्या स्वतःच्या छातीच्या धडधडीची आहे. प्रत्येक कळंभ्यात रात्री झोपताना ती चव तिला लागत आली आहे, त्यामुळे ती ओळखीची आहे. ती बाजूला ठेवता येते. तिच्याखाली मीठ लागतं, आणि मिठाच्याही खाली कडवटाचा एक बारीक धागा.

‘“सोडा,” ती म्हणाली, आणि तिच्या स्वतःच्याच आवाजाची चव चिंचेची लागली.’

आजी मधल्या पानांत वारलेली असते. हे वाक्य वाचून मी पेन्सिल खाली ठेवली.

ती चव पक्की असते हे आम्हाला कॉलेजच्या त्या मुलीनं सांगितलं होतं. ते ठाऊक नसतं तर हा शेवट लिहिताच आला नसता.

परिणाम

बेचाळीस पानांची कथा सव्वीस पानांवर आली आणि ऑक्टोबरमध्ये अंकात छापली गेली. पंधरा-वीस पत्रं आली. मुलांच्या अंकाला हल्ली एवढी पत्रं येत नाहीत. सोलापूरच्या एका बाईंनी वर्गात मुलांना विचारलं होतं, की शाळेच्या घंटेची चव तुम्हाला कशी लागेल. त्यांनी पाठवलेल्या कागदावर शेंगदाण्याची चटणी होती, कैरी होती, एका मुलानं ‘तापातलं तोंड’ लिहिलं होतं आणि एकीनं ‘आईच्या बांगडीसारखी’. बांगडी चाखून पाहिलेलं ते लहानपण मला त्या एका ओळीत दिसलं.

आणि एक पत्र आठवीतल्या मुलीचं होतं. तिनं लिहिलं होतं: ‘माझ्या लहान भावाला ऐकू येत नाही. त्याला कळंभा लागणारच नाही. मग मीठ चाखायला त्याला का नाही बोलावलं? तुमच्या गावात ऐकू न येणारं कोणीच नाही का?’

मी ते पत्र लेखिकेला रात्रीच वाचून दाखवलं. आम्ही पाच महिने एकच नियम सगळीकडून तपासत होतो. कोण ऐकतं, काय ऐकतं, कानात बोळे घातले तर काय, सगळं पाहिलं. ज्याला ऐकू येत नाही तो माणूस आम्हा दोघींच्या डोळ्यांपुढे एकदाही आला नाही.

आज पुन्हा करायचं तर

सहसंवेदन असलेल्या मुलीला मी कथा हातात आल्या आल्या विचारलं असतं, तर वैदूवर आणि ‘बरं होण्या’वर गेलेले दोन महिने वाचले असते.

चित्रकाराच्या बाबतीत चूक पूर्ण माझी. वेळ वाचवायला मी त्याला जुना खर्डा दिला. त्यानं आवाजांचे रंगीत पट्टे हवेत तरंगणारं दोन पानी सुंदर चित्र काढलं आणि तोवर कथेतून रंग गेलेला होता. त्या चित्राचे पैसे त्याला दिले, पण त्याचे पंधरा दिवस काही परत देता आले नाहीत. दुसऱ्यांदा त्यानं काळ्या शाईनं फक्त तोंडं काढली: मिटलेली, वाकडी झालेली, हातानं झाकलेली. तीच छापली.

एक कापाकापी मला अजून सलते. मूळ खर्ड्यात बापाच्या सदऱ्याला येणारा सुकटीचा वास नायिकेला पाठीवर हात ठेवल्यासारखा वाटतो, असा अर्ध्या पानाचा प्रसंग होता. वासाचा स्पर्श होतो, म्हणजे नियमाबाहेर, म्हणून मी काढायला लावला. लेखिकेनं वाद न घालता काढला. आज वाटतं, बाप घरी नसलेल्या मुलीला असं वाटायला कळंभा लागतच नाही. तो प्रसंग साध्या दिवसाचा म्हणून ठेवता आला असता. मी नियमाच्या भरात होते.

कथेचं आता पुस्तक होतं आहे, म्हणून आठवीतल्या मुलीच्या प्रश्नाला उत्तर द्यायची संधी आहे. सोपा मार्ग म्हणजे ऐकू न येणारं एक पात्र घालायचं आणि त्या दिवशी ते गावाबाहेर गेलंय असं दाखवायचं. त्याला माझा विरोध होता. ज्याला आपण विसरलो त्याला पुन्हा पाठवून देण्यासारखं ते झालं असतं. दुसरा मार्ग, तोच चाखतो आणि गाव वाचतं. मग तांब्याच्या गडूची चव आणि चिंच, दोन्ही गेलं.

लेखिका शाळेशेजारच्या तालुक्यात कर्णबधिर मुलांच्या एका शाळेत दर शनिवारी जाते आहे, जूनपासून. गेल्या आठवड्यात तिनं दोन पानं पाठवली. वाफ्यात आता दोघं उतरतात. मुलगा बोट बुडवतो, चाखतो आणि लगेच हात वर करतो: सोडा. नायिकेच्या तोंडात अजून तांबं आहे, तिला अजून काही लागलेलं नाही, आणि सगळं गाव बांधावर उभं राहून तिच्याकडे बघतं आहे, त्याच्याकडे नाही.

पाणी कधी सोडायचं हे त्या दोन पानांत ठरलेलं नाही. समासात मी अजून काही लिहिलेलं नाही.